1991 चे एक मंजुरीपत्र कुणाच्या ट्रंकेत आहे का?

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

दर वर्षी 31 मे झाला की आपल्या दैनिकात निवृत्तांच्या सत्काराचे फोटो येतात. आमच्या पिढीतल्या पुष्कळांची जन्मतारीख 1 जून आहे. शाळेत नाव घालताना गुरुजींनी तीच लिहिली, त्यामुळे सरकारी कचेऱ्यांत 31 मे हा घाऊक निवृत्तीचा दिवस होऊन बसला. 2019 साली आमच्या कार्यालयातही असाच कार्यक्रम झाला. शाल, श्रीफळ, चादर, साहेबांचे चार शब्द. त्या दिवशी निवृत्त झालेल्या एका शिपायाला आम्ही सगळे मामा म्हणायचो, म्हणून इथेही मामाच लिहितो. आज मामांचे वय 66 आहे. शाल अजून आहे, पेन्शन नाही.

मी त्याच कार्यालयात वरिष्ठ सहायक होतो. शेवटची नऊ वर्षे आस्थापनेच्या, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या नेमणुका-नोंदी पाहणाऱ्या टेबलावर काढली. मामांच्या फाइलवरची पहिली आडवी टिपणी माझ्या हातची आहे. हे पत्र मी त्यासाठी लिहितो आहे. कार्यालयाचे नाव लिहीत नाही. तेव्हाची माणसे आता तिथे नाहीत, आणि असे प्रकार त्या एकाच कार्यालयात होतात असेही नाही.

मामा 1984 पासून रोजंदारीवर होते. उन्हाळ्यात माठ भरणे, टपाल सायकलवरून पोचवणे, रात्री पहारा. 1 जुलै 1991 ला एकाच आदेशाने सात जणांना चतुर्थ श्रेणीत नियमित नेमणूक मिळाली, त्यांत मामा होते. त्यानंतर 27 वर्षे 11 महिने त्यांनी नोकरी केली. किल्लारीचा भूकंप झाला त्या 1993 सालच्या ऑक्टोबरात महिनाभर ते घरी फक्त अंघोळीला जात होते. लोकसभा असो, विधानसभा असो, महापालिका असो, मतदान केंद्रावर शिपाई म्हणून मामांची ड्युटी ठरलेली. त्या ड्युटीच्या आदेशावर 'शासकीय कर्मचारी' असे छापलेले असायचे आणि गैरहजर राहिल्यास कारवाईची तंबीही असायची. दरमहा पगारातून भविष्य निर्वाह निधी कापला, गटविमा कापला. आश्वासित प्रगती योजनेचे लाभ मिळाले. सेवापुस्तकात मी नंतर मोजल्या, वेगवेगळ्या अकरा अधिकाऱ्यांच्या सह्या आहेत. लेखापरीक्षण कितीदा झाले ते मोजलेले नाही, पण नेमणुकीवर एकाही पथकाने शेरा मारला नव्हता.

पेन्शनची कागदपत्रे निवृत्तीच्या दोन वर्षे आधी तयार करायला घ्यायची असतात. आम्ही घेतली नऊ महिने आधी. हा उशीर माझा. सेवापुस्तकाचे पहिले पान उघडले. डाव्या हाताच्या बोटांचे ठसे, उंची, ओळखीची खूण 'डाव्या भुवईवर तीळ'. त्याला टाचलेला नेमणुकीचा आदेश म्हणजे कार्बनची तिसरी-चौथी प्रत, तीही कांद्याच्या पापुद्र्यासारखी. त्यात 'संदर्भ' म्हणून वरिष्ठ कार्यालयाच्या मंजुरीपत्राचा क्रमांक टाइप केलेला होता, पण टाइप करताना कार्बन सरकलेला. आकड्यावर आकडा चढला होता. खिडकीशी धरला, भिंगातून पाहिला, वर्ष तेवढे वाचता आले. ते मूळ मंजुरीपत्र आमच्या दप्तरात नव्हते. 1991 ची आवक नोंदवही मुदत संपली म्हणून नियमाप्रमाणे नष्ट झाली होती.

मी टिपणी लिहिली : 'सदर कर्मचाऱ्याच्या नेमणुकीस सक्षम प्राधिकाऱ्याची मंजुरी असल्याचा मूळ कागद आढळून येत नाही. मार्गदर्शन व्हावे.'

ज्यांनी सरकारी टेबलावर काम केले आहे त्यांना या शेवटच्या दोन शब्दांचे वजन सांगायला नको. मार्गदर्शन मागितले की निर्णय आपल्या डोक्यावर राहत नाही. फाइल वर जाते आणि वर राहते. 'संदर्भात मंजुरीपत्राचा उल्लेख आहे, 27 वर्षे वेतन अदा झाले आहे, आजवर आक्षेप नाही, सबब प्रस्ताव सादर' असेही मला लिहिता आले असते. ते खोटे ठरले नसते. मी लिहिले नाही. उद्या वसुली निघाली तर आपल्या पेन्शनवर येईल, ही धास्ती होती.

पुढचे थोडक्यात सांगतो. जून ते नोव्हेंबर 2019 असे सहा महिने तात्पुरती पेन्शन मिळाली. मुदतवाढ कुणी दिली नाही. मग कोरोना आला. 2021 मध्ये फाइल परत आली ती 'पद मंजूर होते काय, भरतीची जाहिरात दिली होती काय, सेवायोजन कार्यालयाकडून नावे मागवली होती काय' असे प्रश्न घेऊन. 1991 च्या भरतीची उत्तरे 2021 च्या लिपिकाने कुठून आणायची? एका पत्रात तर आजवर दिलेल्या वेतनाच्या वसुलीबाबतही अभिप्राय मागवला होता. गट क आणि गट ड (म्हणजे पूर्वीची चतुर्थ श्रेणी) मधल्या कर्मचाऱ्यांकडून आणि निवृत्तांकडून जास्तीच्या रकमेची वसुली करू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 18 डिसेंबर 2014 ला रफिक मसीह प्रकरणात सांगितलेले आहे, आणि इथे तर जास्तीचे काही दिलेलेच नव्हते. भविष्य निर्वाह निधी, म्हणजे मामांच्या स्वतःच्या पगारातून कापलेला पैसा, तोही 14 महिन्यांनी मिळाला. नेमणुकीच्या वादाशी त्याचा काडीचा संबंध नव्हता.

मी 2021 मध्ये निवृत्त झालो. माझी पेन्शन दोन महिन्यांत सुरू झाली. पहिली रक्कम खात्यावर जमा झाल्याचा मेसेज आला त्या संध्याकाळी मी मामांकडे गेलो. अक्कलकोट रोडच्या पलीकडे दोन खोल्या. मामी उंबऱ्याशी मांडीवर सूप घेऊन विड्या वळत होत्या. त्यांनी हात थांबवला नाही. पान कापायचे, तंबाखू भरायची, वळायचे, दोरा गुंडाळायचा. मामा नळाची वाट बघत होते, आमच्या शहरात चार-पाच दिवसांनी येणारे पाणी त्या दिवशी यायचे होते. मी काय बोलावे या विचारात बसलो, तर मामांनीच विचारले, 'भाऊसाहेब, मंजुरी नव्हती तर माझा पगार कोण काढत होतं? तुमीच की ओ.'

खरे होते. पगार बिलाच्या फाइलीही काही वर्षे माझ्याच टेबलावर होत्या. दरमहा मी त्यांचे नाव लिहून बिल कोषागारात पाठवले. तेव्हा मंजुरीपत्राची आठवण मला एकदाही झाली नाही.

सध्या मामा जुळे सोलापुरातल्या एका अपार्टमेंटला रात्रीचे वॉचमन आहेत. थंडीत अंगावर कार्यालयाने दिलेलाच खाकी गरम कोट असतो. मी मुद्दाम त्या रस्त्याने जात नाही, पण मुलीचे घर त्याच गल्लीत आहे.

आता थोडे नियमांचे बोलतो. पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नव्हे, तो कर्मचाऱ्याचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 1971 मध्ये देवकीनंदन प्रसाद प्रकरणात आणि 17 डिसेंबर 1982 ला नकारा प्रकरणात सांगितले. तीच तारीख आपण पेन्शनर दिन म्हणून पाळतो. 2013 मध्ये झारखंडच्या एका प्रकरणात न्यायालय आणखी पुढे गेले : पेन्शन आणि उपदान (ग्रॅच्युइटी) ही मालमत्ता आहे, कायद्याचा आधार नसताना केवळ प्रशासकीय सूचनेवरून ती अडवता येणार नाही. आपल्या राज्याचे निवृत्तिवेतन नियम 1982 चे आहेत. त्यांतल्या नियम 130 प्रमाणे विभागीय चौकशी किंवा न्यायालयीन प्रकरण चालू असेल तर उपदान थांबवता येते, पण तात्पुरती पेन्शन द्यायचीच असते. म्हणजे ज्याच्यावर गैरव्यवहाराची चौकशी चालू आहे त्याला दरमहा काहीतरी मिळते. मामांवर चौकशीच नाही, आणि त्यांना काही मिळत नाही. ज्याने काही केले नाही त्याच्यासाठी नियमात खानाच नाही, म्हणून तो मध्ये लटकतो.

नियम 27 असे सांगतो की निवृत्तीनंतर नव्याने चौकशी लावायची तर ती घटना चार वर्षांपेक्षा जुनी नसावी. हा नियम गैरवर्तनाच्या चौकशीचा आहे, नेमणुकीच्या वैधतेचा नाही, हे मला कळते. तरी विचार करा. अपहार करणाऱ्यालाही निवृत्तीनंतर चार वर्षांमागचे उकरून विचारता येत नाही. मग ज्या नेमणुकीत कर्मचाऱ्याचा हात फक्त रुजू अहवालावर सही करण्यापुरता होता, ती 28 वर्षांनी उकरायची कोणत्या न्यायाने?

सगळ्या वादग्रस्त नेमणुका एका मापाने मोजा असे मी म्हणत नाही. कर्नाटकच्या उमादेवी प्रकरणात 10 एप्रिल 2006 ला घटनापीठाने बेकायदा नेमणूक आणि अनियमित नेमणूक यांत फरक केला. मंजूर रिक्त पदावर पात्र माणूस, पण प्रक्रियेत उणीव राहिलेली, आणि दहा वर्षे काम केलेले, अशांना एकवेळची बाब म्हणून नियमित करायला सांगितले. मामांचे प्रकरण फार तर या दुसऱ्या प्रकारात बसेल. पेन्शनला लागते किमान 10 वर्षांची अर्हताकारी (पेन्शनसाठी धरली जाणारी) सेवा, त्यांची जवळजवळ 28 होते. 1984 ते 1991 ची रोजंदारीची सात वर्षे तर मामांनी कधी मागितलीही नाहीत.

खोटे कागद करून नोकरी मिळवणाऱ्याची गोष्ट निराळी. केरळमधल्या एका पोलीस अधिकाऱ्याने जातीच्या खोट्या दाखल्यावर 27 वर्षे नोकरी केली. बडतर्फीऐवजी सक्तीची निवृत्ती धरा म्हणजे पेन्शन तरी मिळेल, अशी त्याची विनंती सर्वोच्च न्यायालयाने 2004 मध्ये फेटाळली. मला तो निकाल योग्य वाटतो. ती जागा ज्याची होती तो कुठल्यातरी पाड्यावर किंवा वस्तीवर मजुरी करत राहिला, त्याला पेन्शन कोण देणार? आपल्याकडे 2001 पासून जात पडताळणीचा कायदा आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाच्या 6 जुलै 2017 च्या निकालाने तर दीर्घ सेवेचे संरक्षणही काढून घेतले. त्यानंतर शासनाने 21 डिसेंबर 2019 च्या निर्णयाने दावा अवैध ठरलेल्यांना अधिसंख्य (मंजूर पदांखेरीज जादा) पदांवर 11-11 महिन्यांसाठी वर्ग केले आणि 14 डिसेंबर 2022 च्या निर्णयाने त्यांच्या निवृत्तिविषयक लाभांचा विचार केला. हा प्रश्न अवघड आहे. ज्यांनी दाखला खरा समजून दिला आणि ज्यांनी जाणूनबुजून खोटा केला, ते सगळे एकाच यादीत आले. पण माझ्या टेबलावरून अशी प्रकरणे गेली आहेत की रुजू होताना दिलेला दाखला वीस-वीस वर्षे पडताळणीला पाठवलाच गेला नव्हता. तो वेळेत पाठवला असता तर खऱ्या उमेदवाराला जागा मिळाली असती आणि खोट्याला दुसरा धंदा बघायला वय उरले असते.

इथे माझे म्हणणे मामांच्या आणि या प्रकरणांत एकच आहे. नेमणुकीचा वाद काढायचा तर माणूस नोकरीत असताना काढा. परिविक्षेत काढा, पहिल्या वेतनवाढीला काढा. त्या वयात त्याच्यापाशी पगार असतो, धावपळ करायची ताकद असते, कागद देणारे साहेब आणि साक्ष देणारे सहकारी हयात असतात. पेन्शनच्या टेबलावर त्याच्यापाशी यांतले काहीच नसते. निवृत्तीच्या पाच वर्षे आधी कार्यालयाने प्रत्येकाला 'तुमच्या नेमणुकीबाबत आक्षेप नाही' किंवा 'हा आक्षेप आहे' असे लेखी द्यावे. त्यानंतर नवा आक्षेप निघालाच, तर तो ज्या कार्यालयाने इतकी वर्षे पाहिला नाही त्याने निस्तरावा, आणि निर्णय होईपर्यंत तात्पुरती पेन्शन एक महिनाही खंडित होऊ नये. भविष्य निर्वाह निधी आणि गटविमा तर कोणत्याही वादात अडकू नयेत, ते पैसे सरकारचे नव्हेतच. प्रशासकीय कारणाने उशीर झाला तर उपदानावर आणि पेन्शनवर व्याज द्यायची तरतूद नियम 129-अ आणि 129-ब मध्ये आहे. मामांचे शेवटचे मूळ वेतन 29 हजार. दर सहामाहीला पाव पगार या हिशेबाने 56 सहामाहीचे 14 पगार, म्हणजे 4 लाख 6 हजार उपदान. पेन्शन मूळ साडेचौदा हजार, वर महागाई. ज्या घरात हजार विड्यांच्या मजुरीवर आठवडा काढतात तिथे या आकड्यांचा अर्थ काय ते मी वेगळे सांगत नाही.

'कोर्टात का जात नाहीत?' असे मला पुष्कळांनी विचारले. कोल्हापूरला 18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले, त्याचा आम्हा सोलापूरकरांना आनंदच आहे. पण राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला आधी मॅटची, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची पायरी चढावी लागते, आणि ती मुंबईत. सिद्धेश्वर एक्स्प्रेसने रात्री निघायचे, सकाळी पोचायचे, तारीख घेऊन परत. वॉचमनची एक रात्र बुडाली की पगार कापतात. तरी एका ओळखीच्या वकिलांनी फी न घेता अर्ज करायचे कबूल केले आहे. त्यांनी एकच सांगितले, ते मंजुरीपत्र मिळाले तर प्रकरण कोर्टात जायच्या आधीच मिटेल.

जे अजून नोकरीत आहेत त्यांना कळकळीने सांगतो. आपले सेवापुस्तक एकदा पहिल्या पानापासून वाचा. त्याची दुय्यम प्रत मागायचा तुम्हाला अधिकार आहे, ती घ्या. नेमणूक आदेशात 'संदर्भ' म्हणून जी जी पत्रे लिहिली असतील त्यांच्या प्रती आजच मिळवा, कारण कार्यालयाचे दप्तर मुदतीने नष्ट होते आणि नंतर कागद तुमच्याकडेच मागितला जातो. शिपाई, चौकीदार, सफाई कामगार यांना हे करून द्यायचे काम टेबलावरच्या लिपिकाने करावे. मी केले नाही.

शेवटी विनंतीचे. 1991 च्या त्या आदेशातल्या सातांपैकी दोघे पुढे बदलून दुसऱ्या जिल्ह्यांत गेले आणि तिथूनच निवृत्त झाले. त्यांना पूर्ण पेन्शन मिळते. आदेश तोच, कार्बनही तोच, तिथे कुणी मार्गदर्शन मागितले नाही इतकेच. त्यांच्यापैकी एकाने फोनवर सांगितले की त्या वर्षी पतपेढीचे कर्ज काढताना आदेशाला मंजुरीपत्राची नक्कल जोडावी लागली होती. ते पत्र त्याने डोळ्यांनी पाहिले आहे. मी पतपेढीत जाऊन आलो. तितके जुने कर्ज अर्ज तिथे आता नाहीत. पण सातही जणांनी तेव्हा कर्ज काढले होते, म्हणजे नक्कल सात घरांत गेली होती. दोघे वारले आहेत, त्यांची मुले आता कुठे असतात ते कळत नाही.

पत्र टंकलिखित आहे, बहुधा एकाच पानाचे, मे किंवा जून 1991 मधले. विषयात चतुर्थ श्रेणीची सात पदे भरण्यास मंजुरी असा मजकूर असावा. आपल्या वडिलांच्या किंवा सासऱ्यांच्या पत्र्याच्या ट्रंकेत, कर्जाच्या जुन्या पावत्यांत, असा कागद कुणाला दिसला तर आपल्या दैनिकाच्या कार्यालयात कळवावे. माझा पत्ता आणि फोन नंबर मी तिथे देऊन ठेवला आहे. मूळ कागद नको, झेरॉक्स चालेल. ती करून घ्यायला मी स्वतः येईन, सोलापुरात असो की बाहेरगावी.

आपला,
एक निवृत्त वरिष्ठ सहायक
भवानी पेठ, सोलापूर